गाळपेरीचा हरभरा

बहात्तरच्या दुष्काळात मी कवठे महांकाळच्या बाजूला खडी फोडत होते. आमचं मूळ गाव कोयनेच्या खोऱ्यातलं. ते धरणात गेलं आणि सरकारनं आम्हाला तिकडं कोरड्या माळावर नेऊन बसवलं. पाणी पश्चिमेला वळवलं, माणसं पूर्वेला पाठवली. हे असं सरळ एका ओळीत मला कोणी सांगितलं नव्हतं. विजेवर फिल्म करणारा एक माणूस आला, त्याच्या बोलण्यातून कळलं. त्याच्याबरोबर मी एकदा खोऱ्यात परत गेले होते. ते लिहिते.

नवरा मुंबईला गोदीत ओझी उचलायचा. आधी शिमग्याला येत होता, मग येईनासा झाला. तिकडं दुसरं घर केलं असं लोक म्हणायचे. मी विचारायला गेले नाही. सासरा खोऱ्यातच गेला होता. सासू माझ्याजवळ होती, ती माळावर आल्यावर फार जगली नाही. मग घरात बोलायला कोणी उरलं नाही. वसाहतीतली माणसं भावकीतलीच, पण जिला पोर नाही आणि जिचा नवरा येत नाही तिच्या उंबऱ्यात कोणी टेकत नाही. हळदीकुंकवाला बोलवायचे, कारण नवरा जिवंत होता. बारशाला बोलवायचे नाहीत.

शेजारच्या तुकड्यात एक धनगरीण राहायची. आमची वसाहत बसली तो माळ त्यांच्या मेंढरांचा होता, त्यामुळं तिचा आमच्यावर राग. आम्हाला ती पाणकोंबड्या म्हणायची. दुष्काळ पडल्यावर तिला आणखी जोर आला. मी रिकामी घागर घेऊन चालले की बांधावरून विचारायची, "काय गं पाणकोंबडे, तुझं पाणी कुठं गेलं?" मी उत्तर देत नसे. पण खरं सांगायचं तर दिवसभरात माझ्याशी आपणहून बोलणारी ती एकटीच होती.

आता मुख्य गोष्ट. खोऱ्यात मला एक मुलगी झाली होती. दात यायच्या आतच गेली. एवढं लहान पोर जाळत नाहीत, पुरतात. पुरायला बाया जात नाहीत, आई तर नाहीच. सासरा आणि नवरा तिला घेऊन गेले आणि आमच्या खाचराच्या वरच्या कोपऱ्यात, ओढ्याच्या अंगाला पुरून आले. कोल्ह्यांनी उकरू नये म्हणून वर धोंडे रचतात आणि करवंदीच्या काटेरी फांद्या टाकतात. पुढं भाताच्या लावणीला मी खाचरात गेले तेव्हा तो ढीग दिसला. कोणी काही सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. पण त्या कोपऱ्यातली रोपं दर साली मीच लावायची. दुसऱ्या बाईला लावू देत नसे.

गाव उठलं तेव्हा लोकांनी दारं नेली, वासे नेले, जाती-पाटे नेले, देव नेले. तो ढीग तिथंच राहिला. त्याचं काय करायचं हे कुणाला विचारणार? माळावर आल्यावर मला एकच गोष्ट छळायची. पाणी चढलं तेव्हा ते धोंडे जागेवर राहिले का हलले. कोल्ह्यांचं भय गेलं आणि माशांचं आलं. डोळे मिटले की हिरवं पाणी दिसायचं आणि त्याच्या तळाला तो ढीग. अशी वर्षं गेली.

तर खडीच्या कामावर जीप आली. त्यातून उतरलेला माणूस चष्म्याचा, पांढऱ्या शर्टाचा, मुंबईचा. पाण्यापासून वीज करायची हे आपल्याकडं कसं सुरू झालं, कुणी पहिली यंत्रं आणली, कुठले डोंगर पोखरले, यावर तो फिल्म करत होता. सांगलीच्या विश्रामबागेतल्या कुठल्याशा कचेरीत त्याला आमच्या वसाहतीचा पत्ता मिळाला होता. दुष्काळामुळं धरणाचं पाणी खूप उतरलंय, बुडालेली शेतं उघडी पडलीत, तेव्हा गाव कुठं होतं ते जागेवर येऊन दाखवील असं कोणी हवंय, असं तो म्हणाला.

पुरुषांनी नाही म्हटलं. माझा एक चुलत सासरा वसाहतीत मोठा होता. तो म्हणाला, देव उठवल्यावर त्या गावात परत पाय टाकायचा नसतो. देव कसा उठवला ते मला माहीत होतं. जागा सोडतोस का, म्हणून देवाला कौल लावला होता. दगडाला फुलाच्या पाकळ्या चिकटवायच्या आणि कुठल्या अंगाची आधी पडते बघायचं. उजवी पडली तर हो, डावी पडली तर नाही. पहिल्यांदा डावी पडली. परत लावल्या, परत डावी. मग उजवी पडेपर्यंत लावत राहिले. मोजणीवाले बाहेर उभे होते, देव तरी किती वेळ नाही म्हणणार.

मी म्हटलं, मी येते. खडी फोडणाऱ्या बाया हसायला लागल्या. एक म्हणाली, "जा की, शिनिमातली नटी हो." दुसरी म्हणाली, तोंड धुऊन जा, खडीची धूळ दिसंल. चुलत सासऱ्याला हे आवडलं नाही. परक्या पुरुषांबरोबर एकली बाई जीपमधून जाते म्हणजे काय, असं त्यानं चारचौघांत विचारलं.

"मामंजी, तुमी येता का बरोबर?" मी विचारलं.

तो तंबाखू मळायला लागला.

"मग झालं की," मी म्हटलं आणि जाऊन जीपमध्ये बसले. का जाते ते मी कुणालाच सांगितलं नाही, फिल्मवाल्यालाही नाही.

जीपमध्ये पुढं तो आणि डायव्हर, मागं मी आणि कॅमेरा चालवणारा. कॅमेरावाल्याला मराठी येत नव्हतं. तो पेट्या सांभाळत बसायचा आणि खड्डा आला की माझ्या अंगावर पेटी पडू नये म्हणून हात आडवा धरायचा. बोलायचा फिल्मवालाच. वर्षभर तो असाच हिंडत होता म्हणे. जुन्या वीजघरांतून, बंगल्यांतून, कागदांच्या खोल्यांतून. कुठं चहाच्या मळ्यात पहिला दिवा लागला, कुठं गिरण्यांसाठी घाटावर तळी बांधली, हे सगळं तो मला सांगत होता. मला त्यातलं निम्मं कळलं. तो सांगत होता कारण त्यालाही ऐकायला कोणी नसावं.

मी विचारलं, त्या तळ्यांखाली पण गावं होती का. तो म्हणाला, होती. पुण्याच्या वर एका खोऱ्यात तर लोक धरणाच्या कामावर जाऊन आडवे बसले होते.

"मग?"

"मग धरण झालं."

कराडच्या पुढं डोंगर सुरू झाले तेव्हा तो म्हणाला, "बाई, माझ्याकडं यंत्रांची चित्रं भरपूर झालीत. माणूस नाहीये."

"येवढा उशिरा का आठवला माणूस?" मी म्हटलं.

डायव्हर हसला. फिल्मवाला हसला नाही. मान हलवून खिडकीबाहेर बघत बसला. माणूस वाईट नव्हता.

कोयनानगरला पोचलो. भूकंपात तिथलं सगळं पडलं होतं, आता पत्र्याची घरं आणि नव्या भिंती होत्या. भूकंपाच्या आधीच आम्ही निघून गेलो होतो, त्यामुळं मला तिथलं काहीच ओळखीचं वाटलं नाही. त्यांना रेस्टहाऊसमध्ये खोल्या मिळाल्या. मला मागच्या बाजूला, राखणदाराच्या बायकोकडं. मी कोण, साहेबांबरोबर कशाला आले, ते तिला कळेना. मजूर म्हणावं तर मी काम करत नव्हते, पाहुणी म्हणावं तर पुढच्या दारानं आले नव्हते. तिनं मला जेवायला घातलं आणि वेगळं बसवलं. खोलीत दिवसा दिवा जळत होता. मी तो बंद केला, तिनं येऊन परत लावला. इथं विजेला तोटा न्हाई, म्हणाली.

लाँच मिळायला परवानगी लागत होती. ती येईपर्यंत फिल्मवाला घाट उतरून डोंगराच्या पोटातलं वीजघर बघायला गेला. मला रेस्टहाऊसवर एकटीनं बसायचा कंटाळा आला होता, म्हणून मीही गेले. आत सोडलं नाही. बोगद्याच्या तोंडाशी जीपमध्ये बसून राहिले. आतून घुमल्यासारखा आवाज येत होता आणि जीपच्या पत्र्याला बारीक थरथर जाणवत होती. फिल्मवाला बाहेर आला तेव्हा देवदर्शन करून आल्यासारखं त्याचं तोंड झालं होतं.

तो म्हणाला, तुमच्या गावावरचं पाणी तिथं वरून यंत्रावर पडतं. मी विचारलं, पडून पुढं कुठं जातं. म्हणाला, नदीला मिळतं, मग समुद्रात. मी म्हटलं, म्हणजे आमच्या माळाकडं येत नाही. तेव्हा तो म्हणाला की नाही, पाणी पश्चिमेला जातं. सांगताना त्यालाही ते नीट ऐकू आलं असावं, कारण तो चष्मा काढून शर्टाला पुसत बसला.

परवानगी आली. सकाळी लाँचमध्ये बसलो. पाणी खरंच खूप उतरलं होतं. दोन्ही अंगांना डोंगराच्या पायथ्याशी पिवळा-करडा पट्टा दिसत होता, झाड नाही की गवत नाही. जसजसं आत गेलो तसं मला डोंगर ओळखू यायला लागले. आमच्या गावामागचा डोंगर बैलाच्या वशिंडासारखा. तो दिसला तेव्हा मी हात केला. लाँचवाल्यानं कडेला लावलं.

उतरलो तर सगळा गाळ. वरून वाळून भेगाळलेला, खाली ओला. कुजक्या माशांचा वास. झाडांचे नुसते बुंधे, कारण पाणी चढायच्या आधी झाडं तोडून नेली होती. देवळाचा चौथरा होता. घरांचे पाये दिसत होते, पण कुणाचं घर कुठलं ते लगेच लागेना. मी वाटेच्या हिशेबानं चालायला लागले. फिल्मवाला म्हणाला, थांबा, कॅमेरा लावू दे, मग चाला. मी थांबले. मग म्हणाला, चाला. मी चालले. मागून यंत्राचा खरखर आवाज येत होता.

ओढ्याचं पात्र सापडलं. त्याच्या कडेनं वर गेले की आमचं खाचर. मला वाटलं होतं तिथं नुसता गाळ असेल, त्यात तो ढीग शोधायचा. ढीग असेल तर दिसेल, नसेल तर वाहून गेला असं समजायचं. तिसरं काही मला सुचलं नव्हतं.

तिथं पीक होतं. हरभरा. वाळून तयार झालेला, निम्मा उपटून झालेला. एक माणूस आणि त्याची बायको वाकून उपटत होते. पाणी उतरलं की उघड्या पडलेल्या गाळात पेरायचं आणि पाणी चढायच्या आत काढून घ्यायचं, याला गाळपेर म्हणतात. जी घरं सरकारबरोबर गेली नाहीत, जंगलाच्या कडेनं डोंगरावर सरकली, ती अशी शेती करतात. कुणाची जमीन कुठली हे बघायचं कारण नाही. सगळी धरणाची.

माणूस आमच्याच गावचा निघाला, दुसऱ्या भावकीतला. त्यानं मला ओळखलं नाही. बायकोनं ओळखलं. कमरेवर हात ठेवून उभी राहिली आणि म्हणाली, "थोरल्या घरची सून न्हवं का तू? लय वाळलीस गं."

मी म्हटलं, तिकडं ऊन आहे. तिनं विचारलं, सासू कशी आहे. गेली म्हटलं. मालक? मुंबईला. ती पुढं विचारणार होती, पण मी तिच्या नवऱ्याकडं वळले. खाचराचा वरचा कोपरा समोर होता. तिथंही हरभरा होता. उपटून झालेला. जमीन सपाट.

"इथं धोंड्यांचा ढीग हुता," मी म्हटलं.

"हुता की," तो म्हणाला. "लय बेकार. दर साली फाळाला लागायचा. काढला अन् बांधाला लावला. ह्यो काय."

त्यानं बोट केलं. बांध चांगला घातला होता. धोंडे एकावर एक नीट बसवले होते. मी बघत राहिले, पण धोंड्याला काही खूण नसते. कुठले ओढ्यातले आणि कुठले त्या ढिगातले ते कळायला मार्ग नव्हता.

"खाली काय लागलं?"

"काय लागणार? गाळ," तो म्हणाला आणि परत उपटायला लागला.

बायको उपटायची थांबली होती. ती खोऱ्यातलीच, खाचराच्या कोपऱ्यात धोंडे का रचतात ते तिला ठाऊक होतं. तिच्या नवऱ्याला ते सुचू नये, याचं मला नवल वाटलं नाही. पाण्याखालून वर आलेल्या जमिनीत माणसाला आधी पीक दिसतं. ती माझ्याजवळ आली आणि हलक्या आवाजात म्हणाली, "पोरगा का पोरगी?"

"पोरगी."

तिनं एकदा त्या कोपऱ्याकडं बघितलं. नवऱ्याला सांगितलं नाही, बरं केलं. सांगितलं असतं तर त्या माणसाला उगाच तिथं उभं राहता आलं नसतं, आणि वर्षाचं पोट त्या तुकड्यावर होतं.

फिल्मवाला लांब कॅमेऱ्यापाशी होता. त्याला आमचं बोलणं ऐकू गेलं नव्हतं. तो चिखलातून पाय उचलत आला आणि विचारलं, "काय म्हणाला तो?"

"म्हणाला, पीक चांगलं येतं."

त्यानं मला कोपऱ्यात उभं केलं, पाण्याकडं बघायला सांगितलं. मग म्हणाला, तुम्हाला आत्ता काय वाटतं ते सांगा, जे मनात येईल ते. मी म्हटलं, इथं आमचं खाचर होतं. भात व्हायचा. तो वाट बघत राहिला. आणखी? आणखी काही नाही, मी म्हटलं. एवढ्या लांबून आणलेल्या बाईनं रडावं अशी त्याची अपेक्षा असणार. त्याला दोष देत नाही. मलाही वाटलं होतं रडू येईल. आलं नाही. पायाखाली हरभऱ्याची खुंटं टोचत होती, तेवढंच कळत होतं.

निघताना त्या बाईनं मला थांबवलं. गावची सून परत आली तर तिला रिकामी पाठवत नाहीत. नारळ नव्हता, खण नव्हता. तिनं वाळलेली झाडं पाटीत बडवली, पाखडली, आणि कपाळाला कुंकू लावून ओंजळी-ओंजळीनं हरभऱ्यानं माझी ओटी भरली. एरवी ओटी भरताना बाया काहीतरी चांगलं बोलतात, पुढच्या साली कडेवर घेऊन ये असं. तिनं तोंड मिटून भरली. मी पदराला गाठ मारली आणि लाँचमध्ये येऊन बसले.

फिल्मचं पुढं काय झालं ते इथंच सांगून टाकते. त्यानं दाखवायला बोलावीन म्हटलं होतं, बोलावणं आलं नाही. बऱ्याच वर्षांनी वसाहतीतल्या एका मास्तरानं ती सांगलीत पाहिली. त्यात तू पाठमोरी दिसतेस, म्हणाला, चालत जातेस, आणि आवाज दुसऱ्याच कुणाचा आहे, पाण्याबद्दल काहीतरी सांगतो. बरं झालं, मी म्हटलं.

वसाहतीत परतल्यावर चुलत सासऱ्यानं विचारलं, काय दिसलं. गाळ, म्हटलं. देवाचा चौथरा? आहे. पुढं त्यानं विचारलं नाही, आणि दुसऱ्या कुणी एवढंही विचारलं नाही. मी परत खडीवर गेले.

हरभरा डब्यात ठेवला. ओटीचं धान्य ज्या बाईला घातलं तिनंच शिजवून खायचं असतं, दुसऱ्याला देत नाहीत, टाकत तर नाहीतच. मला त्याचं काय करावं ते कळेना. कुठल्या जागेचा ते मला एकटीला माहीत. टाकावं तर दुष्काळात अन्न टाकायला हात होत नव्हता. खावं तर डबा उघडून परत लावायची. रेशनचा लाल मिलो, ती परदेशी ज्वारी, खाऊन जीभ चरचरायची, आणि घरात चांगला हरभरा पडून होता. सासू असती तर तिला विचारलं असतं.

एका संध्याकाळी धनगरीण दारात आली. ती माझ्या दारात कधीच आली नव्हती. बांधावरूनच बोलायची. मेंढरं घेऊन नवरा आणि मुलगे चाऱ्याच्या शोधात लांब गेले होते, घरी ती एकटीच राहिली होती. मूठभर पीठ मागायला आली होती. पीठ माझ्याकडंही नव्हतं. ती वळली. मी म्हटलं, बस, हरभरा शिजवते.

डब्यातला सगळा हरभरा पातेल्यात ओतला. भिजवायला वेळ नव्हता, म्हणून फार वेळ शिजत राहिला, आणि तोवर ती चुलीपुढं बसून मेंढरांचं बोलत होती. किती मेली, किती विकली. मी ऐकत होते. मीठ घालून दोन थाळ्यांत वाढलं. पहिला घास तिनंच घेतला. मी तिच्या तोंडाकडं बघत होते.

"कुठला गं ह्यो?"

"आमच्या खाचरातला."

"पाण्यातला?"

"व्हय."

तिनं चावला. मला वाटलं पाणकोंबडी म्हणंल. "ग्वाड हाय," म्हणाली आणि आणखी घेतला. तेव्हा मीही खाल्ला. ओटीचं दुसऱ्याला देत नाहीत हे मला माहीत होतं. पण एकटीच्यानं तो माझ्या घशाखाली उतरला नसता.

तिला मी मुलीचं सांगितलं नाही. पुढंही कधी सांगितलं नाही. दोघींनी पातेलं रिकामं केलं. त्यानंतर मला डोळे मिटल्यावर हिरवं पाणी दिसायचं बंद झालं. दिसलंच तर वाळलेल्या पिकाचा सपाट तुकडा दिसतो, आणि कडेला नीट घातलेला बांध. ती धनगरीण उठताना म्हणाली, हंडा घेऊन सकाळी लवकर निघ, टँकर आधी आमच्या अंगाला येतो, तुझा नंबर धरून ठेवते.